हुकूमनामा आणि स्थगिती : वऱ्हाडातील ऋणको-धनकोंचा इतिहास

दिवाणी न्यायालयात दावा जिंकणे आणि जिंकलेले पदरात पडणे ह्या दोन निराळ्या गोष्टी आहेत, हे ज्यांच्या घराण्यात एकदा तरी कोर्टाची पायरी चढली गेली आहे त्यांना सांगावयास नको. हिंदुस्थानात पक्षकाराच्या अडचणी हुकूमनामा हाती पडल्यावरच सुरू होतात, अशा अर्थाचा अभिप्राय विलायतेच्या प्रिव्ही कौन्सिलने १८७२ साली एका निवाड्यात नमूद केला होता. वकीलमंडळी तो अजूनही सांगत असतात. परंतु हा अभिप्राय धनकोच्या बाजूचा झाला. ऋणकोची खरी अडचणही त्याच दिवशी सुरू होते. दावा चालू असतो तोपर्यंत भांडण कागदावर असते. हुकूमनामा झाला की ते बेलिफाच्या पावलांनी दाराशी येते. गावात दवंडी पिटते, जप्तीचा कागद शेतात व कचेरीच्या भिंतीवर चिकटतो, आणि मग लिलावाची तारीख लागते.

धनकोची घाई आणि ऋणकोचे संकट ह्यांच्या मध्ये कायद्याने एक लहानसा शब्द ठेविला आहे. तो शब्द म्हणजे स्थगिती. निवाडा कायम, कर्ज कायम, परंतु बजावणी तूर्त थांबवावी, एवढाच त्या हुकुमाचा अर्थ. कोणी तिला गरिबाची ढाल म्हणतो, कोणी बुडव्याची पळवाट म्हणतो. दोघेही आपापल्या अनुभवावरूनच बोलत असतात. आज आपणांस पाहावयाचे आहे ते हे की, वऱ्हाडात, आणि विशेषतः यवतमाळ जिल्ह्यासारख्या कापसाच्या मुलखात, ही स्थगिती कोणत्या गरजेतून आली, तिने काय साधले, आणि तिची किंमत कोणी दिली.

इंग्रजी न्यायालये येण्यापूर्वी महाराष्ट्रात कर्जवसुली होत नव्हती असे नाही. पेशवाई बुडाल्यावर एल्फिन्स्टनने जो अहवाल लिहिला त्यात ‘तगाद्या’चे वर्णन आहे. धनको ऋणकोच्या दाराशी माणूस बसवी, त्याचे जाणेयेणे अडवी, प्रसंगी स्वतः धरणे धरून बसे. हा मार्ग जाचक खरा. परंतु त्याचा रोख माणसाच्या अब्रूवर असे, जमिनीवर क्वचितच. दाराशी बसलेला धनको त्याच गावचा असल्यामुळे चार माणसे मध्ये पडत आणि वायदा ठरे. ही गावकीची स्थगितीच होती. शिवाय दामदुपटीचा नियम होता : एका वेळी वसूल करावयाचे व्याज मुद्दलाहून अधिक होऊ नये. मुंबई इलाख्यातील न्यायालयांनी पुढे हा नियम हिंदू ऋणकोंच्या बाबतीत मानला. पण दावा दाखल झाला की त्याचा अंमल संपतो, असेही ठरविले. म्हणजे जुना बांध कोर्टाच्या उंबरठ्यापर्यंत होता. उंबरठ्याच्या आत नवा बांध घालणे भाग होते, आणि तो घालावयास दोन पिढ्या लागल्या.

१८५३ च्या तहाने निजामाने वऱ्हाड इंग्रजांच्या कारभारात दिले. आजच्या यवतमाळ जिल्ह्याचा बराचसा भाग त्या काळी ‘वणी जिल्हा’ ह्या नावाने ओळखला जाई. ठाणे मात्र यवतमाळासच होते. १९०५ साली वऱ्हाडच्या सहा जिल्ह्यांचे चार करण्यात आले, तेव्हा त्याला यवतमाळ हे नाव मिळाले व पुसद तालुका त्यात आला. १८६१ नंतर वऱ्हाडात मुंबईच्या धर्तीची रयतवारी मोजणी सुरू झाली. ठराविक सारा भरावा, आणि शेत मुलाबाळांस द्यावे, विकावे अथवा गहाण टाकावे, असा हक्क शेतकऱ्यास मिळाला. हा हक्क म्हणजे मोठेच वरदान मानले गेले, व काही अंशी ते होतेही. परंतु जी वस्तू विकता येते ती जप्तही करता येते, ही त्याची दुसरी बाजू होती.

त्याच सुमारास, १८६१ ते १८६५ ह्या वर्षांत, अमेरिकेत यादवी युद्ध पेटले, तिकडचा कापूस विलायतेस मिळेना, आणि वऱ्हाडच्या काळ्या जमिनीतील कापसास कधी न पाहिलेला भाव आला. १८६७ मध्ये लोहमार्ग नागपुरास पोहोचला. जमीन महागली, जमिनीवर कर्ज मिळू लागले. युद्ध संपले, भाव उतरले. कर्ज मात्र उतरले नाही. सवाई-दिढीने घेतलेले दाणे, नजरगहाण, कब्जेगहाण, मुदतखरेदी ह्या शब्दांनी शेतकऱ्याचे वर्ष भरून गेले. पूर्वी धनकोला दाराशी बसावे लागे. आता त्याला बसावयाचे कारण उरले नाही. मुद्रांकाचा कागद व साक्षीदारांची अक्षरे एवढ्यावर दूरच्या कोर्टात, बहुधा ऋणकोच्या गैरहजेरीत, हुकूमनामा मिळू लागला. गावकीचा वायदा गेला, आणि त्याच्या जागी दुसरा कोणताही वायदा आला नाही.

ह्याचा स्फोट वऱ्हाडात न होता घाटमाथ्याखालच्या दख्खनेत झाला. १८७५ च्या मे महिन्यात पुणे जिल्ह्यातील सुपे येथे शेतकऱ्यांनी सावकारांचे कागद जाळले, आणि ते लोण नगर जिल्ह्यापर्यंत पसरले. सरकारने चौकशी मंडळ नेमले. त्यातून १८७९ चा दख्खनच्या शेतकऱ्यांच्या दुःखनिवारणाचा कायदा झाला. न्यायाधीशाने रोख्यावरील आकड्यावर न थांबता व्यवहाराच्या मुळापर्यंत जावे, पैशाच्या हुकूमनाम्यासाठी शेतकऱ्यास तुरुंगात घालू नये, आणि खास गहाण दिलेली नसेल ती जमीन विकू नये, अशा त्यातील मुख्य तरतुदी होत्या. परंतु तो कायदा आरंभी पुणे, सातारा, सोलापूर व नगर ह्या चार जिल्ह्यांपुरता होता, आणि वऱ्हाड मुंबई इलाख्यात नव्हतेच. इतकेच नव्हे, तर ब्रिटिश हिंदुस्थानचे कायदेही वऱ्हाडास आपोआप लागू होत नसत. ते निराळ्या जाहीरनाम्याने लागू करावे लागत. १९०२ साली वार्षिक पंचवीस लाख रुपये खंडाने वऱ्हाडचा कायमचा पट्टा झाला, तरी ही स्थिती पालटली नाही. दंगे जेथे झाले तेथे उपाय झाला. जेथे शेतकरी मुकाट्याने कोर्टात जात राहिला, तेथे १८९६-९७ व १८९९-१९०० हे दोन दुष्काळ जाईपर्यंत सामान्य दिवाणी कायद्यावाचून त्याला दुसरा आधार नव्हता.

तेव्हा ह्या सामान्य कायद्याने काय दिले, ते पाहू. १९०८ च्या दिवाणी कार्यरीतीच्या कायद्यात बजावणीचा हात आवरणारे अनेक नियम आहेत. पहिला आवर वस्तूंचा : अंगावरची वस्त्रे, स्वयंपाकाची भांडी, अंथरूण, धर्मरूढीप्रमाणे स्त्रीने अंगावरून उतरवू नयेत असे दागिने, कारागिराची हत्यारे, शेतकऱ्याची अवजारे, निर्वाहास लागणारी गुरे व बियाणे, आणि त्याचे राहते घर, ह्यांना पैशाच्या हुकूमनाम्यात जप्तीचा हात लागू नये. दुसरा आवर रकमेचा : न्यायालय हप्ते बांधून देऊ शकते. तिसरा आवर वेळेचा. आणि तीच आपली स्थगिती.

तिचे प्रकार चार. हुकूमनामा बजावणीसाठी दुसऱ्या कोर्टाकडे गेला असेल, तर ऋणकोस मूळ कोर्टात अथवा अपिलात दाद मागता यावी म्हणून ते कोर्ट वाजवी मुदत थांबू शकते. ऋणकोने त्याच कोर्टात धनकोवर उलट दावा लावला असेल, तर त्याचा निकाल लागेपर्यंत कोर्ट आपल्या हुकूमनाम्याची बजावणी रोखू शकते. जमिनीचा लिलाव ठरला असेल, आणि खाजगी विक्री, गहाण अथवा पट्टा करून रक्कम उभी राहण्याजोगी आहे असे ऋणकोने दाखविले, तर लिलाव पुढे ढकलता येतो. मात्र गहाणाच्याच हुकूमनाम्याने जमीन विकावयाची असेल तेथे ही सवलत नाही. चौथा प्रकार अपिलाचा. त्यात आरंभीच स्पष्ट म्हटले आहे की, अपील केले एवढ्यावरून बजावणी थांबत नाही. थांबवावयाची असेल तर तीन गोष्टी दिसल्या पाहिजेत : न थांबविल्यास मोठे नुकसान होईल, अर्ज करण्यास अवास्तव विलंब झालेला नाही, आणि पुढे जो निकाल लागेल तो पाळण्याबद्दल जामीन दिलेला आहे.

ह्या तीन अटींत स्थगितीचे सगळे तत्त्व साठविलेले आहे. जमीन एकदा तिऱ्हाइताने लिलावात घेतली म्हणजे अपिलात जिंकूनही ती परत मिळेलच असे नाही. म्हणून सत्य अखेरचे ठरेपर्यंत न परतवता येणारी गोष्ट घडू देऊ नये. परंतु त्या अवधीत दुसऱ्याचेही नुकसान होऊ देऊ नये. कायद्याने येथे वेळ फुकट दिलेला नाही. तिच्याबद्दल तारण मागितले आहे.

वेळेची ही किंमत आकड्यांत मांडून पाहू. समजा, दारव्हा तालुक्यातील एका शेतकऱ्यावर सहाशे रुपयांचा हुकूमनामा झाला आहे, आणि त्याच्या शेताची चांगल्या दिवसांतली किंमत बाराशे आहे. लिलाव आषाढात निघाला. पेरणीचे दिवस, कोणाच्याच गाठीला पैसा नाही. बोली बोलणारे दोघे-तिघे, त्यात एक स्वतः धनकोच. शेत सहाशेला गेले. कर्ज फिटले, पण बाराशेची वस्तू गेली. आता तोच लिलाव फाल्गुनापर्यंत, म्हणजे आठ महिने, थांबला असे धरा. शेकडा सहा दराने सहाशे रुपयांचे आठ महिन्यांचे व्याज चोवीस रुपये. एवढ्यात कापूस वेचून बाजारात जातो, हप्ता भरता येतो, अथवा शेताचा एक तुकडा खऱ्या भावाने विकून उरलेले वाचविता येते. धनकोला त्याचे मुद्दल व चोवीस रुपये मिळाले. ऋणकोचे सहाशे वाचले. येथे स्थगितीने कोणाचेही काही हिरावले नाही. अवेळी विक्री झाल्याने जे मूल्य वाया गेले असते तेवढेच तिने वाचविले.

परंतु तोच हिशोब धनकोच्या बाजूनेही मांडला पाहिजे. धनको म्हणजे नेहमी पेढीवरचा सावकारच असे नसते. नवऱ्याच्या मागे उरलेली पुंजी चार घरी व्याजाने लावून पोट भरणारी विधवाही धनकोच असते. तिच्या हुकूमनाम्यास तारणावाचून स्थगिती मिळाली, आणि त्या अवधीत ऋणकोने बैल विकले, पीक नातलगाच्या नावे केले, शेत पडीक टाकले, तर आठ महिन्यांनी तिच्या हाती काय पडणार? एक स्थगिती संपताच दुसरी, दुसरीनंतर अपील, अपिलानंतर उलट दावा, असे चालले तर तिचा जय तिच्या हयातीत फळास यावयाचा नाही. म्हणून जामिनाची अट हा कायद्याचा निव्वळ कठोरपणा नव्हता.

तरीही ह्याच अटीत ह्या व्यवस्थेचा सर्वांत मोठा दोष दडला होता. ज्याचे सर्वस्व अगोदरच गहाण आहे त्याने जामीन आणावयाचा कोठून? वणी अथवा उमरखेडकडच्या शेतकऱ्यास अपिलाच्या पायरीपायरीने नागपूर गाठावे लागे, आणि तेथे १९३६ पर्यंत ज्युडिशियल कमिशनरचे कोर्ट होते, त्यानंतर हायकोर्ट आले. प्रवासखर्च, मुद्रांक, वकिलाची फी आणि वर तारण, एवढे ज्याच्याजवळ आहे त्याला स्थगिती मिळे. म्हणजे जो थोडाबहुत सावरलेला आहे त्याच्यासाठीच हे दार उघडे होते. जो पुरता बुडत होता त्याच्या हाताला ते लागत नव्हते. गरजेच्या नेमके उलट प्रमाणात मिळणारी मदत, असे तिचे स्वरूप झाले.

१९२९ नंतरच्या जागतिक मंदीने हा दोष सर्वांना दिसू लागला. कापसाचे भाव कोसळले. काल जे कर्ज थोड्या मणांनी फिटले असते त्याला आज दुप्पट माल लागू लागला. येथे एका ऋणकोच्या हयगयीचा प्रश्न नव्हता. सारा मुलूखच एका वेळी थकला होता. सर्वांचीच जमीन एकदम लिलावास निघाली तर ती घेणार कोण, आणि तिला भाव कसला येणार? प्रत्येकाने स्वतंत्र अर्ज करून न्यायाधीशाचे मन वळवावे, ही रीत अशा वेळी पुरी पडत नाही. मग विधिमंडळाला पुढे यावे लागते.

मध्यप्रांताच्या विधिमंडळाने १९३३ साली कर्ज-तडजोडीचा कायदा केला. अशा प्रकारच्या कायद्यांत तो हिंदुस्थानात अगदी आरंभीचा होता. ऋणको व धनको ह्यांना मंडळापुढे बोलवावे, हिशोब पाहावा, सोसेल असा आकडा ठरवून वर्षानुवर्षांचे हप्ते बांधावेत, ही त्याची पद्धत. धनकोने रास्त तडजोड नाकारली तर त्याला कोर्टात पुढे खर्चास व वाढीव व्याजास मुकावे लागे. १९३४ च्या कायद्याने सावकाराने हिशोब ठेवावा व तो दरवर्षी ऋणकोस कळवावा, असे बंधन घातले. १९३९ साली मध्यप्रांत व वऱ्हाड कर्जनिवारण कायदा आला, आणि मंडळांच्या तडजोडीच्या जागी कर्जनिवारण न्यायालये बसली. त्याच साली मुंबई इलाख्यातही शेतकरी-ऋणकोंसाठी निराळा कायदा झाला.

हे सारे आपल्याकडेच चालले होते असे समजू नये. अमेरिकेतील मिनेसोटा संस्थानाने १९३३ साली गहाणाच्या जप्तीस मुदतवाढ देणारा कायदा केला. करार मोडणारा कायदा संस्थानास करता येत नाही, अशी त्यांच्या राज्यघटनेतली तरतूद. म्हणून प्रकरण वरिष्ठ न्यायालयात गेले, आणि १९३४ मध्ये पाच विरुद्ध चार मतांनी तो कायदा टिकला. टिकण्याचे एक मोठे कारण असे की, मुदतवाढीच्या काळात घरमालकाने धनकोस वाजवी भाडे देत राहिले पाहिजे, अशी त्यात अट होती. मिनेसोटाचा शेतकरी आणि यवतमाळचा शेतकरी ह्यांत समुद्र आडवे आहेत; पण दोन्हीकडचा कायदा एकाच जागी येऊन थांबला. मुदत द्यावी, परंतु मुदतीचा बोजा एकट्या धनकोवर पडू देऊ नये.

सामुदायिक स्थगितीचा एक परिणाम मात्र कोणत्याही कायद्याला टाळता आला नाही. वसुली थांबते असे दिसताच देणाऱ्याचा हात आखडतो. पुढच्या मृगात बियाण्याला पैसे कोण देणार, ह्या प्रश्नाचे उत्तर स्थगितीच्या हुकुमात नसते. तगाईने आणि सहकारी पतपेढ्यांनी ही जागा काही अंशी भरली, पण सगळी नाही. उरलेल्या जागेत सावकार परतला, आणि या वेळी अधिक सावध होऊन परतला. गहाणखत घेतले तर कोर्ट, मंडळ व स्थगिती आडवी येते. तेव्हा कर्ज द्यावयाचे, पण कागद सरळ खरेदीखताचा करावयाचा. तोंडी बोली ‘पैसे आण आणि शेत घेऊन जा’ अशी, व कागदावर मात्र कायमची विक्री. ज्या व्यवहारात दावाच नाही, हुकूमनामाच नाही, त्यात स्थगिती कशाला मिळणार? कायद्याने एक दार अडविले, आणि व्यवहार त्या दाराशी येईनासाच झाला.

स्वातंत्र्यानंतरचा प्रवास थोडक्यात सांगतो, कारण त्यात ह्याच दोन धाग्यांची वीण आहे. १९५६ मध्ये वऱ्हाड मुंबई राज्यात, व १९६० मध्ये महाराष्ट्रात आले. १९७५ च्या ऑगस्टात महाराष्ट्रात कर्जमुक्तीचा वटहुकूम निघाला, आणि त्याचा कायदा झाला. त्याने अल्पभूधारक शेतकरी, ग्रामीण कारागीर, मजूर इत्यादींची सावकारी कर्जे नुसती थांबविली नाहीत, तर रद्द केली, व गहाण वस्तू परत करविल्या. सर्वोच्च न्यायालयाने १९७७ साली तो वैध ठरविला. मात्र १९७६ च्या दुरुस्तीने दिवाणी कार्यरीतीचा कायदा उलट दिशेस कडक झाला : पैशाच्या हुकूमनाम्यावर अपील करणाराने रक्कम अथवा तारण दिले नाही, तर बजावणीस स्थगिती द्यावयाची नाही. एकाच दशकात विधिमंडळाने दुबळ्यांचे कर्ज पुसले आणि संसदेने सामान्य ऋणकोची स्थगिती महाग केली. ह्यात विसंगती दिसली तरी ती वरवरची आहे. ज्याच्याजवळ तारण देण्याची ऐपत आहे आणि ज्याच्याजवळ ती नाही, ह्या दोघांना एका मापाने मोजता येत नाही, हे उशिरा का होईना मान्य झाले.

२०१४ च्या सावकारी नियमनाच्या कायद्याने खरेदीखताच्या त्या युक्तीवर घाव घातला. सावकारीच्या व्यवहारातून लाटलेली जमीन चौकशीअंती मूळ मालकास परत देवविण्याचा अधिकार त्याने सहकार खात्याच्या जिल्हा निबंधकास दिला. २०२१ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने बजावणीचे अर्ज सहा महिन्यांत निकालात काढावेत, असे सांगितले. त्यापूर्वी २०१८ मध्ये त्याच न्यायालयाने खालच्या कोर्टातील कामे अडविणाऱ्या स्थगित्या सहा महिन्यांनी आपोआप संपतील असे ठरविले होते. परंतु २०२४ च्या फेब्रुवारीत पाच न्यायमूर्तींच्या पीठाने तो नियम रद्द केला. पक्षकाराचा दोष नसता, केवळ न्यायालयास वेळ झाला नाही म्हणून, त्याचे संरक्षण गळून पडावे हे न्यायाचे नव्हे, असा त्याचा आशय. स्थगिती अनंत असू नये. परंतु ती घड्याळाने मारूही नये. ह्या दोहोंमधील मार्ग अखेर न्यायाधीशाच्या विवेकावरच सोडावा लागतो.

ह्या इतिहासाचा मथितार्थ माझ्या मते असा. स्थगिती म्हणजे माफी नव्हे, आणि तिला माफी समजून जो निर्धास्त होतो त्याच्या दाराशी दवंडी पुन्हा येतेच. स्थगिती म्हणजे उसना घेतलेला वेळ होय. त्या वेळात कापूस पिकला, हिशोब तपासला गेला, शेताचा तुकडा खऱ्या भावाने विकला गेला, तर तिचे सार्थक झाले. त्या वेळात काहीच घडले नाही, तर व्याज तेवढे वाढले. म्हणून ती मागणाऱ्याने आणि देणाऱ्याने एकच प्रश्न विचारावा : थांबून काय होणार आहे? यवतमाळच्या शेतकऱ्यास उत्तर ठाऊक असे. त्याला दिवाळीनंतरचा पहिला वेचा हवा असे. कायदा मात्र महिन्यांनी आणि तारखांनी मोजीत आला. ज्या न्यायाधीशाने, ज्या मंडळाने तारखेची सांगड हंगामाशी घातली, त्याच्या स्थगितीने शेतही वाचले आणि धनकोचे मुद्दलही. जेथे ही सांगड पडली नाही, तेथे हुकूमनामा अपुरा राहिला आणि शेतही हातचे गेले.